तंतुनगरीचा पंडित

ये, अशी जवळ बस. त्या प्लास्टिकच्या खुर्चीवर नको गं, इथे खाटेवर ये, माझ्या उजव्या कानाशी. डाव्याने ऐकू येत नाही मला. आणि आधी तुला रागावून घेते, मग बाकीचं. अगं, आजोबांचं नाव काढत माझं दार ठोठावतेस, दोन-दोन तास बसतेस, त्यांच्या वह्यांवरून हात फिरवतेस आणि जाताना चप्पल घालता घालता म्हणतेस, "आजी, तुम्ही फक्त चांगल्या आठवणी लिहून द्या हं, छापायच्यात." फक्त चांगल्या! मला काय तांदूळ निवडायला बसवलंस? मी चौथीपर्यंत शिकलेली बाई. पण लिहायला बसले की जे झालं तेच माझ्या हातून उतरतं. तू समोर बसली आहेस असं समजून हे लिहिते आहे. घरी नेऊन एकटीने वाच. आणि एक आत्ताच सांगून ठेवते, मी त्याला 'तो'च म्हणणार. तुझा आजोबा असला तरी. इतकी वर्षं मनात 'तो'च म्हणत आले, आता कागदावर 'ते' लिहिलं तर माझंच मला खोटं वाटेल.

तर पहिली गोष्ट चहाची.

तुझा आजोबा आमच्या खोलीत आला की चहा मागायचा. मागायचा म्हणजे कसा, तर उंबऱ्यात उभा राहून, समोरच्या चाळीच्या तिन्ही मजल्यांना ऐकू जाईल अशा आवाजात. "यमुने, चहा टाक! शास्त्राला जात नसते!" त्या काळी परळला आमच्या दोन चाळी समोरासमोर होत्या. पुढची त्यांची, मागची आमची, आणि मधे फरशीचं अंगण. पुढच्या चाळीतला माणूस आमच्या चाळीत येऊन चहा मागतो म्हणजे केवढी गोष्ट! सासूबाई तर बिचाऱ्या फळीवरचा चांगला कप काढायच्या, कान न तुटलेला. मी चहा पुढे करायची. तो कप हातात धरायचा, मांडीवर ठेवायचा, पुन्हा उचलायचा, कप हवेत फिरवत बोलायचा. आकाशाबद्दल बोलायचा, यंत्रांबद्दल बोलायचा. मग उठून जायचा. कप तसाच. वर साय धरलेली.

मला वाटायचं, विद्वान माणूस आहे, विसरत असेल. सासूबाईही म्हणायच्या, "डोक्यात केवढं असतंय त्यांच्या, चहाचं कुठलं भान." वर्षभर आम्ही त्याचा चहा मोरीत ओतला आणि त्याच्या विद्वत्तेचं कौतुक केलं.

तो गिरणीत फिटर होता. साचे, म्हणजे कापड विणायची यंत्रं, बिघडली की दुरुस्त करायचा. मॅट्रिकला दोनदा बसलेला. संस्कृत श्लोक तोंडपाठ, आणि खोलीत विलायती यंत्रांच्या कॅटलॉगांची चळत छतापर्यंत. बायकोला, म्हणजे तुझ्या आजीला, गावी ठेवलेलं. ती इथे आली तर शोधांना जागा पुरणार नाही म्हणून! हे मी माझ्या मनाचं सांगत नाही, तो स्वतः छाती काढून सांगायचा. चाळीने त्याचं नाव शोधपंडित ठेवलं होतं. तोंडावर पंडित, पाठीमागे शोध लावून.

आणि त्याचे शोध! एक पाळणा केला होता, मूल रडलं की आपोआप हलणारा. तो मूल झोपलं की हलायचा. पहिल्या मजल्यावरच्या बाळंतिणीने तो जिन्यावरून खाली फेकला. संयुक्त महाराष्ट्राचे मोर्चे सुरू झाले तेव्हा पंडितला ऊत आला. सगळं गिरणगाव रस्त्यावर. सकाळच्या पाळीची माणसं काळी निशाणं घेऊन तशीच मोर्च्याला जायची. याने डालडाच्या डब्यांचा एक कर्णा केला. त्यातून घोषणा दिली की आवाज पुढे जायच्या ऐवजी मागे यायचा आणि देणाऱ्याच्याच कानठळ्या बसायच्या. मग अश्रुधुरावर उतारा काढला. वाळक्या दुधी भोपळ्याचा मुखवटा, आत कोळशाची पूड आणि ओला कापूस. तो तोंडावर बांधून स्वारी मोर्च्यात पुढे. पहिलं नळकांडं फुटलं आणि कोळसा ओला होऊन नाकात गेला. बाकीच्यांचे डोळे चुरचुरत होते, हा काळा ठिक्कर पडून शिंकत होता.

त्या दिवशी सगळे पळत आमच्या अंगणात शिरले. मी आणि सासूबाई टॉवेल भिजवून देत होतो. पुढच्या चाळीतला दत्ताराम म्हणून एक साचेवाला होता, मालवणकडचा, मोठ्या मिशांचा, त्याच्या खात्यात त्याचा शब्द चालायचा. तो आंधळ्यासारखा हात पसरत आला. मी टॉवेल दिला. त्याने तोंड पुसलं, आणि मी हातात धरलेला तांब्या ओढून घटाघटा प्यायला. कुणाचा तांब्या, कुणाच्या घरचा, काही नाही. "आवशीक खाव," म्हणाला, "डोळे फुटले माझे. बाय, आजून हाड गे पाणी." ही गोष्ट ध्यानात ठेव. पुढे लागणार आहे.

आता वह्यांचं. तुला वाटतं ना, त्या वह्यांतलं अक्षर त्याचं आहे? किती सुंदर अक्षर होतं म्हणालीस आजोबांचं. अगं, ते माझं आहे. त्याचं अक्षर म्हणजे शाईत पाय बुडवून कोंबडी कागदावरून चालली तर होईल तसं. त्याचं त्यालाच वाचता यायचं नाही. माझं अक्षर चांगलं आहे हे त्याला कळलं ते रेशनच्या अर्जावरून. तेव्हापासून तो कच्चं लिहून आणायचा आणि मी शाईने पक्कं उतरवायची. मी विशीतली, सकाळी वाइंडिंग खात्यात सूत गुंडाळायचं काम, दुपारी घरी आले की हे. चुकलं की डाफरायचा. "यमुने, 'विद्वत्ता' लिहायची तर दोन त लागतात, एका 'त'ने विद्या येत नाही!" म्हणजे शिकवायचा नाही गं, डाफरायचाच. पण एकेक शब्द उतरवता उतरवता शिकले मी. हे त्याचं उपकाराचं खातं म्हणशील तर म्हण. त्याने काही ते हेतूने केलेलं नाही.

त्या वह्यांत काय होतं ते तू थोडंफार वाचलंच आहेस. तंतुनगरी. उलट्या समुद्रावर टांगलेलं सुताचं शहर. रस्ते म्हणजे ताणे, गल्ल्या म्हणजे बाणे, लोक अनवाणी चालतात कारण पायताणाने शहर उसवतं. आणि त्या शहरात आचार्य सूत्रसेन नावाचा थोर संशोधक, सतरा खिशांचा अंगरखा घालणारा. त्याने सिद्ध केलं की आभाळ विणलेलं आहे आणि प्रत्येक विणलेल्या वस्तूसारखी आभाळालाही उलटी बाजू असते. झालं, नगरीतले सगळे पंडित त्याच्यावर उठले. आभाळाला उलटी बाजू आहे म्हणणं हा गुन्हा. सूत्रसेनाच्या जन्मापासून त्याची ही कथा अध्यायामागून अध्याय चाललेली, आणि दर रविवारी दुपारी पंडित अंगणात स्टूल टाकून माझ्या पक्क्या वहीतून ती मोठ्याने वाचायचा. दोन्ही चाळी ऐकायला. त्यांची माणसं त्यांच्या पायऱ्यांवर, आमची आमच्या. सूत्रसेन म्हणजे हाच, हे शेंबड्या पोरालाही कळायचं. चाळीत कुणी पंडितला हसलं की पुढच्या रविवारी तंतुनगरीत त्याच नाकाडोळ्यांचा एक मूर्ख दरबारी उगवायचा. तो पाळणा फेकणारी बाळंतीण तिथे राक्षसीण झाली होती!

पण खोटं कशाला बोलू, गोष्ट चांगली होती. आभाळाची उलटी बाजू हे मला फार आवडलं होतं. गच्चीवर कपडे वाळत घालताना वर बघायची मी. वाटायचं, आपल्याला दिसतं आहे ती कुठली बाजू असेल?

आता तुला गिरणीतली एक रीत सांगायला हवी, ती कळल्याशिवाय पुढचं कळणार नाही. साच्यावर कापड विणताना आडवा धागा घेऊन इकडून तिकडे धावतो तो धोटा. लाकडी, होडीच्या आकाराचा. त्याच्या पोटात सुताची कांडी बसवतात. कांडी संपली की नवी घालायची, आणि तिच्या सुताचं टोक धोट्याच्या अंगाला असलेल्या बारीक भोकातून बाहेर काढायचं. ते कसं काढायचे? भोकाला तोंड लावून श्वास आत ओढायचा, की सूत फुर्रकन ओठांवर. दिवसातून शेकडो वेळा. एकाची पाळी संपली की तोच धोटा दुसऱ्याच्या तोंडी.

आणि म्हणून आमच्या माणसाला साचेखात्यात घ्यायचे नाहीत. आमच्या तोंडाला लागलेला धोटा तोंडाला कोण लावणार? आमची माणसं रिंग खात्यात, सूतकताईत. साचेखात्यात पगार जास्त, मान जास्त, पण दार बंद. कायदा नव्हता तसा. कुणी तसं लिहून ठेवलं नव्हतं. फक्त तोंड होतं मधे.

आमचे हे रिंग खात्यात होते. यांचे वडील गावी हातमागावर जाडंभरडं कापड विणायचे, त्यांच्या मांडीवर बसून हे विणायला शिकलेले. कापड नुसतं चिमटीत धरून, किती सुताचं आहे ते सांगायचे. विणकराचा मुलगा, पण गिरणीत कापड विणायला बंदी. सुट्टीच्या वेळी साचेखात्याच्या दारात जाऊन उभे राहायचे, नुसतं बघायला. मला म्हणाले होते एकदा, "ते सावंतांचं पोर वीस दिवसांत शिकलं गं. मी एका दिवसात धरेन." त्या वर्षी आम्ही सगळ्यांनी धम्मदीक्षा घेतलेली. भिंतीवरचे जुने देव उतरवले होते, मनात नवी धिटाई होती. यांना वाटायचं, आता तरी.

हे पंडितला माहीत होतं. त्याच्याच डोक्यात आलं की तोंड न लावता ओवता येईल असा धोटा काढायचा. आमच्या खोलीत येऊन त्याने ते जाहीर केलं, अर्थात उंबऱ्यातून. "यमुने, तुझ्या नवऱ्याला साचेखात्यात नेतो! पहिला धोटा त्याच्या हातात देणार! शास्त्राला जात नसते!" सासूबाईंनी त्याच्या पायावर डोकं ठेवलं. मी चहा टाकला.

सहा महिने त्याने खटपट केली. रबरी फुग्याने हवा ओढायची, स्प्रिंगने ओढायची, दोन्ही एकदम. एकदा फुगा फुटून त्याच्याच चष्म्याची काच गेली. एका दुपारी आमच्याकडे बसून रडकुंडीला आला होता, चहा नेहमीसारखा गार होत होता, आणि सासूबाई कोपऱ्यात गोधडी शिवत होत्या. त्यांना डोळ्यांनी कमी दिसायचं, सुईत दोरा ओवता यायचा नाही. म्हणून त्यांनी एक नेढं तुटलेली सुई जपून ठेवलेली. नेढ्याला वरून बारीकशी चीर होती. त्या दोरा थुंकीने ओला करत नसत, नेमत नसत, वरून नुसता दाबायच्या की टचकन आत बसायचा.

मी पंडितला म्हटलं, "सूत ओढता कशाला? भोकाला वरून चीर पाडा. बोटाने दाबलं की आत जाईल. पुन्हा वर येऊ नये म्हणून चीर जरा वाकडी ठेवा."

तो माझ्याकडे बघत राहिला. मग सासूबाईंच्या हातातली सुई घेतली, दोनदा दोरा दाबून पाहिला. उठला, सुई खिशात टाकली आणि गेला. सासूबाई मागून ओरडल्या, "अवो, माझी सुई!" ती सुई परत आली नाही.

पंधरा दिवसांत धोटा तयार. सहा नग केले. चिरेच्या कडा खरखरीत होत्या, सूत तुटायचं. त्या कडा कुणी घासल्या? यांनी. आठ दिवस, पाळी संपली की याच खोलीसारख्या दहा बाय दहाच्या खोलीत बसून काचकागदाने घासायचे, तेलाचा हात फिरवायचे, माझ्या लांब केसाचं टोक घेऊन चिरेतून ओढून बघायचे, अडकतंय का म्हणून. केस अडकायचा थांबला तेव्हा हसले. मी यांना इतकं हसताना क्वचित पाहिलं.

चाचणीच्या दिवशी यांनी धुतलेला शर्ट घातला. सासूबाईंनी हातावर साखर ठेवली. सहा धोट्यांची पेटी घेऊन हे पंडितच्या मागोमाग गेले. साचेखात्याच्या दारात पंडित म्हणाला, "तू इथे थांब. मी हाक मारतो." एक धोटा उचलला आणि आत गेला.

हे दारात उभे. पुढचं सगळं यांनी डोळ्यांनी पाहिलं, आणि मला एकदाच सांगितलं.

खात्याचे मास्तर होते, साचेवाले गोळा झालेले, पुढे दत्ताराम. पंडितने भाषण सुरू केलं, आकाश, यंत्र, प्रगती. दत्तारामने मधेच तोडलं. "ता ऱ्हवांदे, पंडिता. ह्या धोट्याक कोणाकोणाचो हात लागलोहा, ता सांग."

पंडितने धोटा या हातातून त्या हातात घेतला.

"तू थयसर मागच्या चाळीत जातंस, च्या पितंस, आमका म्हायत हा. ह्यो धोटो त्येंच्यासाठीच काढलंस मां?"

पंडितने दाराकडे पाहिलं. यांच्याकडे. यांनी पेटी सावरली, त्यांना वाटलं आता हाक येणार. पंडित म्हणाला, "मी कुणाचा चहा पीत नाही. विचारा कुणालाही. आणि हा धोटा माझ्याशिवाय कुणी हाताळलेला नाही." आणि कुणाला शंका राहू नये म्हणून त्याने काय केलं सांगू? धोटा उचलला, भोकाला तोंड लावलं आणि सूत ओढून दाखवलं. फुर्रकन.

तोंड लावायला लागू नये म्हणून ज्याने धोटा काढला, त्याने तो शुद्ध आहे हे दाखवायला त्याला तोंड लावलं. आमच्या चांगल्या कपाला जे तोंड वर्षभर लागलं नाही, ते यांनी आठ दिवस घासलेल्या लाकडाला लागलं. आणि का, तर यांनी ते घासलंच नाही हे सिद्ध करायला.

मग दत्ताराम हसायला लागला. "अरे येड्या, तोंडानच वडूचा हा, तर मगे ही चीर कित्याक पाडलंस?" सगळं खातं हसलं. मास्तरांनी घड्याळ पाहिलं, म्हणाले, चाललं आहे तसं चालू द्या. संपली चाचणी. बघ, त्याला आपला शोधही राखता आला नाही. एका श्वासात त्याने दोघांना बुडवलं.

हे घरी आले, पेटी कोनाड्यात ठेवली. सासूबाईंनी विचारलं, "काय झालं रं?" हे म्हणाले, "मला हाक मारली नाही." जेवले नाहीत. तो दत्ताराम, अश्रुधुराच्या दिवशी माझ्या हातातला तांब्या ओढून प्यायलेला, त्याच्यावर मला पंडितइतका राग नाही आला कधी. दत्तारामने आम्हाला कसलंच वचन दिलं नव्हतं.

चार दिवसांनी पंडित आला. पुढचा अध्याय घेऊन. जणू काही झालंच नाही! उंबऱ्यातून चहा मागितला. मी टाकला, आणि त्या दिवशी पहिल्यांदा समोर बसून पाहत राहिले. कप उचलला. फिरवला. ओठांपासून वीतभर लांब. पुन्हा मांडीवर. मला गेल्या वर्षभराचा सगळा चहा आठवला.

तो गेल्यावर अध्याय वाचला. 'सूत्रसेनाचा विजय'. त्यात चंद्राची कन्या स्वप्नात येऊन सूत्रसेनाला वाकडी चीर दाखवते. सासूबाईंची सुई गेली, मी गेले, आणि दारातला माणूस तर मुळात नव्हताच. सभेतले पंडित सूत्रसेनाच्या पाया पडतात, वरून सुताची फुलं.

मी तीन दुपारी लिहीत होते. माझं सगळ्यात चांगलं अक्षर काढलं.

रविवारी अंगण भरलेलं. पंडित स्टुलावर बसला, वही उघडली. तो आधी कधी वाचून बघायचा नाही, नकलणाऱ्या बाईने नक्कलच केली असणार ही त्याची खात्री. सुरुवातीची दोन पानं मी त्याचीच ठेवली होती. आवाज चढलेला, हात हवेत. मग आलं.

"आणि चंद्राची कन्या आली नाही," तो वाचता वाचता गेला, "एका म्हातारीने आपली तुटकी सुई दाखवली. मग सभेने विचारलं, या धोट्याला कुणाचा हात लागला आहे? दारात एक माणूस..."

थांबला. चष्मा वर केला, खाली केला. मी आमच्या पायरीवर उभी होते, हे माझ्या मागे. कुठल्याशा खोलीत स्टोव्ह भरभरत होता.

दत्ताराम त्यांच्या पायरीवरून म्हणाला, "वाच मरे फुडे. कोण होतो दारात?"

पंडितची एक सवय होती, वाक्य अर्धं सोडायचा नाही. कदाचित त्या सवयीनेच वाचलं असेल. आवाज खाली आला होता. "दारात एक माणूस पेटी घेऊन उभा होता. आठ दिवस त्याने तो धोटा घासला होता. सूत्रसेनाने त्याच्याकडे पाहिलं, आणि सभेला सांगितलं, कुणाचाच हात लागलेला नाही. मग त्याने धोट्याला तोंड लावलं. त्या दिवशी तंतुनगरीला आभाळाची उलटी बाजू दिसली."

वही मिटली. मला वाटलं, आता हा ओरडेल, किंवा रडेल, किंवा यांच्याकडे बघून दोन शब्द बोलेल. एवढीच आशा होती मला, यांच्याकडे बघून दोन शब्द. तो माझ्याकडे वळून म्हणाला, "यमुने, 'तंतुनगरी'त तु ऱ्हस्व काढलास. बरोबर आहे." आणि स्टूल उचलून निघून गेला.

तू म्हणशील, बिचारा. तुझा आजोबा आहे, तू म्हण. मी नाही म्हणत.

रविवारचं वाचन बंद पडलं. पुढच्या चाळीत त्याला कुणी विचारेना, आमच्या चाळीत तो येईना. संयुक्त महाराष्ट्र झाला त्या दिवशी अंगणात पेढे वाटले, लेझीम खेळले, हाही खाली आला होता तो डालडाचा कर्णा घेऊन. वाजवला नाही. नुसता धरून उभा होता.

काही दिवसांनी नोकरी सोडून गावी जायला निघाला. तेव्हा आमच्या उंबऱ्यात आला. हातात सात वह्यांचं गाठोडं. "तुझ्याकडे ठेव," म्हणाला, "अक्षर तुझं आहे." आणि मग, पहिल्यांदाच, ओरडून नाही, अगदी मला एकटीलाच ऐकू येईल असं म्हणाला, "यमुने, चहा टाकतेस का?"

हे आत होते. माझ्या मागे, स्टोव्हशेजारी, पातेल्यात दूध होतं. झाकण नव्हतं, त्याला दिसत होतं.

मी म्हटलं, "दूध संपलंय."

त्याने पातेल्याकडे पाहिलं. "बरं," म्हणाला आणि गेला. पुन्हा दिसला नाही. मेल्याची बातमीही आम्हाला कुणीतरी वर्षाने सांगितली.

काही वर्षांनी गिरणीत हाताने ओवायचे धोटे आले, विलायतेहून. चीर पाडलेलेच. तिकडे कुणीतरी ते आमच्या आधीच काढून ठेवले होते म्हणे. म्हणजे शोध ना पंडितचा, ना माझा, ना सासूबाईंच्या सुईचा. आमच्यातली तरुण मुलं हळूहळू साचेखात्यात गेली. यांचं तोवर वय गेलं होतं, डोळे गेले होते. रिंग खात्यातूनच घरी बसले. घरी बसल्यावर एक काम केलं त्यांनी. तू आत्ता ज्या खाटेवर बसली आहेस ना, तिची ती नवार बघ हात लावून. किती वर्षं झाली, एक पट्टी ढिली नाही. आयुष्यात त्यांनी विणलं ते एवढंच.

आजही मनात येतं, त्या दिवशी चहा टाकला असता तर तो प्यायला असता का? नाही कळलं. आणि कळू दिलं नाही ते मीच. त्याचं मला दुःख आहे असं मी लिहिणार नाही. पण प्रश्न आहे, तो तुझ्यापासून लपवत नाही.

आता तुझं. पहिल्यांदा आलीस, नाव सांगितलंस, मी आत जाऊन चहा टाकला. तू आजोबांबद्दल बोलत होतीस आणि माझं लक्ष तुझ्याकडे नव्हतंच, कपाकडे होतं. तू बोलता बोलता प्यायलीस, संपवलास, तळाची साखर बोटाने चाटलीस आणि म्हणालीस, "आजी, अजून आहे का?" बेशरम कुठली! मी आत जाऊन दुसरा कप ओतताना किती वेळ लावला, ते तुला कळलं नसेल.

वह्या घेऊन जा. छापायच्या असतील तर साती छाप, आणि माझा तो अध्यायही त्यातच राहू दे, त्याच जागी. तो काढणार असशील तर आत्ताच सांग, म्हणजे मी गाठोडं सोडतच नाही.

पण न्यायला तू स्वतः ये, कुणाला पाठवू नकोस. माझं वय बघ आणि लवकर ये, या रविवारीच ये. घरात दूध आहे.